आई-वडिलांच्या ग्रीन कार्डाचे शासकीय शुल्क : केव्हा, कुठे आणि कोणत्या खात्यातून भरावे

अमेरिकेचे नागरिकत्व मिळालेल्या मुलाने किंवा मुलीने नाशिकला, साताऱ्याला वा डोंबिवलीत राहणाऱ्या आई-वडिलांसाठी ग्रीन कार्डाचा अर्ज करायचे ठरवले की घरातून पहिला प्रश्न येतो तो एकूण खर्चाचा. त्याचे उत्तर लगेच देता येते : आई आणि वडील यांपैकी प्रत्येकामागे शासकीय शुल्क साधारण १,३०५ डॉलर. मात्र ही रक्कम एकदम, एकाच ठिकाणी भरायची नसते. ती तीन टप्प्यांवर, चार वेगवेगळ्या शुल्कांच्या रूपात, दोन वेगवेगळ्या खात्यांच्या संकेतस्थळांवर आणि वेगवेगळ्या पद्धतींनी भरावी लागते, आणि एका टप्प्याचे पैसे जमा झाल्याची नोंद झाल्याशिवाय पुढचा टप्पा उघडतच नाही. माझ्या आई-वडिलांच्या अर्जांचे सर्व शुल्क मी स्वतः भरले आणि त्यानंतर नात्यातल्या व ओळखीच्या काही कुटुंबांना मदत केली. अर्ज रखडण्याची जी कारणे मी पाहिली त्यांतील बरीचशी कागदपत्रांची नव्हती, तर चुकीच्या रकमेची, चुकीच्या खात्याची किंवा वेळेवर न भरलेल्या शुल्काची होती. म्हणून हा मजकूर फक्त शुल्काविषयी आहे.

पात्रतेचा एक मुद्दा आधी स्पष्ट करतो, कारण तो न पाहता भरलेले पैसे वाया जातात. आई-वडिलांसाठी अर्ज केवळ अमेरिकेचा नागरिकच करू शकतो आणि त्याचे वय किमान २१ वर्षे असावे लागते. स्वतःकडे फक्त ग्रीन कार्ड असेल तर आई-वडिलांसाठी अर्ज करता येत नाही. केला तर तो नामंजूर होतो आणि शुल्क परत मिळत नाही.

पहिला टप्पा : आय-१३० अर्जाचे शुल्क

नाते सिद्ध करणारा आय-१३० हा अर्ज अमेरिकेच्या नागरिकत्व व स्थलांतर सेवा विभागाकडे, म्हणजे यूएससीआयएसकडे करायचा असतो. १ एप्रिल २०२४ पासून लागू झालेल्या दरांनुसार हा अर्ज ऑनलाइन भरल्यास ६२५ डॉलर आणि कागदावर भरून टपालाने पाठवल्यास ६७५ डॉलर पडतात. आईसाठी एक आणि वडिलांसाठी एक असे दोन स्वतंत्र अर्ज करावे लागतात. एका अर्जात जोडीदार आपोआप समाविष्ट होतो असा समज आपल्याकडे बराच आढळतो. भावंडांच्या अर्जात जोडीदार आणि २१ वर्षांखालील मुले मूळ अर्जदाराच्या सोबत येतात, त्यावरून हा गैरसमज झालेला असावा. आई-वडिलांच्या बाबतीत तशी सोय नाही. त्यामुळे या टप्प्यावर दोघांचे मिळून १,२५० डॉलर लागतात.

ऑनलाइन अर्जासाठी मुलाने किंवा मुलीने यूएससीआयएसच्या संकेतस्थळावर स्वतःचे खाते उघडावे. अर्ज पूर्ण भरून, कागदपत्रे जोडून आणि स्वाक्षरीच्या जागी नाव टंकित केल्यानंतर संगणक आपल्याला पे डॉट गव्ह या अमेरिकन सरकारच्या भरणा संकेतस्थळावर नेतो. तिथे अमेरिकन बँक खात्यातून किंवा क्रेडिट अथवा डेबिट कार्डाने पैसे भरता येतात. भरणा झाला की पडदा पुन्हा यूएससीआयएसच्या खात्यावर येतो आणि ‘आयओई’ या अक्षरांनी सुरू होणारा पावती क्रमांक दिसू लागतो. या दोन संकेतस्थळांच्या मधल्या काही क्षणांत इंटरनेट बंद पडले किंवा चुकून खिडकी मिटली, तर घाईने दुसऱ्यांदा पैसे भरू नयेत. आधी कार्डाच्या किंवा बँकेच्या खात्यात रक्कम वळती झाली आहे का ते पाहावे, मग यूएससीआयएसच्या खात्यात अर्जाची स्थिती पाहावी, आणि दोन्हीकडे काहीच नोंद नसेल तरच पुन्हा प्रयत्न करावा. दोनदा गेलेले पैसे परत मिळवणे फार जिकिरीचे असते.

वडिलांच्या अर्जासोबत तुमचा जन्मदाखला तर लागतोच, शिवाय आई-वडिलांच्या विवाहाचा दाखलाही जोडावा लागतो. आपल्याकडे १९७० किंवा १९८० च्या दशकात झालेल्या कित्येक लग्नांची नोंदणीच झालेली नाही. लग्नपत्रिका आणि फोटोंचा अल्बम असतो, दाखला मात्र नसतो. महाराष्ट्रात १९९८ च्या विवाह नोंदणी कायद्यानुसार अशी नोंद आता उशिरानेही करता येते आणि त्याचे शुल्क ग्रामपंचायत, नगरपालिका किंवा महानगरपालिकेत भरावे लागते. ही रक्कम किरकोळ असते, पण दाखला हाती येईपर्यंत ६२५ डॉलर भरण्याची घाई करू नये, असे माझे मत आहे. अपुऱ्या पुराव्यांवर केलेला अर्ज महिनोन् महिने अडकून राहतो.

आणखी एक गोष्ट इथेच सांगणे आवश्यक आहे. आय-१३० साठी ‘जलद प्रक्रिया शुल्क’ नावाचा कोणताही प्रकार अस्तित्वात नाही. यूएससीआयएसची जादा पैसे घेऊन लवकर निर्णय देण्याची सोय नोकरीवर आधारित काही अर्जांना आणि मोजक्या इतर अर्जांना आहे, कौटुंबिक अर्जांना नाही. आमच्या एका नातेवाइकांकडून एका एजंटाने याच नावाखाली मोठी रक्कम घेतली, आणि तिची कोणतीही शासकीय पावती त्यांना कधीच मिळाली नाही. एजंटाची किंवा वकिलाची फी वेगळी आणि सरकारचे शुल्क वेगळे, हे दोन आकडे नेहमी स्वतंत्रपणे लिहून मागावेत. ज्या रकमेला शासकीय शुल्क म्हटले जाते, तिची शासकीय पावती असतेच.

दुसरा टप्पा : एनव्हीसीची दोन शुल्के

आय-१३० मंजूर झाला की प्रकरण यूएससीआयएसकडून परराष्ट्र खात्याच्या नॅशनल व्हिसा सेंटरकडे, म्हणजे एनव्हीसीकडे जाते. हे केंद्र न्यू हॅम्पशायर राज्यातील पोर्ट्समथ येथे आहे, पण तिथे काहीही टपालाने पाठवावे लागत नाही. सर्व काम सीईएसी या ऑनलाइन व्यवस्थेत होते. एनव्हीसीकडून ईमेल येतो आणि त्यात दोन क्रमांक असतात : प्रकरण क्रमांक आणि इन्व्हॉइस क्रमांक. मुंबईच्या वाणिज्य दूतावासाकडे जाणाऱ्या प्रकरणांचा क्रमांक ‘बीएमबी’ या अक्षरांनी सुरू होतो. शहराचे नाव १९९५ मध्ये अधिकृतपणे मुंबई झाले तरी या अक्षरांत जुने बॉम्बे टिकून आहे. हे दोन्ही क्रमांक कागदावर लिहून ठेवावेत आणि इन्व्हॉइस क्रमांक कोणाशीही विनाकारण वाटून घेऊ नये, कारण या दोन क्रमांकांवर तुमच्या आई-वडिलांची संपूर्ण फाइल उघडते.

इथे दोन शुल्के भरायची असतात. एक १२० डॉलरचे, आर्थिक जबाबदारीच्या शपथपत्राच्या तपासणीसाठी. पडद्यावर ते ‘अफिडेव्हिट ऑफ सपोर्ट फी’ या नावाने दिसते आणि आय-८६४ या नमुन्याशी संबंधित असते. दुसरे ३२५ डॉलरचे, स्थलांतर व्हिसाच्या अर्जासाठी, म्हणजे ‘आयव्ही फी’. आई आणि वडील यांची प्रकरणे वेगळी असल्याने दोघांच्या खात्यांत स्वतंत्रपणे प्रवेश करून, त्या त्या खात्यात जी देय रक्कम दिसेल तीच भरावी. पडद्यावर नसलेली रक्कम कोणाच्या सांगण्यावरून भरू नये.

आता या सबंध मार्गदर्शनातील सर्वांत महत्त्वाची बाब. एनव्हीसीची शुल्के केवळ अमेरिकेतील बँकेच्या चेकिंग किंवा बचत खात्यातूनच भरता येतात. क्रेडिट कार्ड चालत नाही, डेबिट कार्ड चालत नाही, भारतातील बँक खाते चालत नाही, आणि भारतातून पाठवलेला ड्राफ्ट तर मुळीच नाही. त्यामुळे आई-वडिलांची कितीही इच्छा असली तरी हे पैसे ते स्वतः भारतातून भरू शकत नाहीत. ‘आमच्या कागदांचे पैसे आम्हीच भरू, तू खर्चात पडू नकोस,’ असे माझ्या वडिलांनी मला तीन वेळा सांगितले होते, आणि मुलाकडून पैसे घ्यायला न रुचणाऱ्या माणसाला ही तांत्रिक अडचण समजावून सांगणे मला फॉर्म भरण्यापेक्षा कठीण गेले. हा हिशेब घरात नंतर कसाही मिटवता येतो. सरकारला मात्र फक्त अमेरिकन खाते चालते. ते खाते अर्जदार मुलाचेच असले पाहिजे असे नाही. भाऊ, बहीण, जोडीदार किंवा मित्र यांच्या खात्यातूनही भरणा होऊ शकतो, कारण व्यवस्था पैशाची जोड प्रकरण क्रमांकाशी घालते, खातेदाराच्या नावाशी नाही.

भरण्यासाठी राउटिंग क्रमांक आणि खाते क्रमांक लागतात. राउटिंग क्रमांक हा आपल्याकडील आयएफएससी संकेतांकासारखा बँक ओळखण्याचा क्रमांक असून तो नऊ अंकी असतो, आणि चेकच्या तळाशी डाव्या बाजूला छापलेला असतो. हे दोन क्रमांक टाइप करताना आणि खात्याचा प्रकार निवडताना अतिशय काळजी घ्यावी. आईच्या प्रकरणात मी प्रकार ‘बचत’ निवडला आणि क्रमांक मात्र चेकिंग खात्याचा दिला. पडद्यावर आधी ‘इन प्रोसेस’ अशी स्थिती दिसली, म्हणून मी निश्चिंत राहिलो. काही दिवसांनी भरणा परत आला, स्थिती पुन्हा ‘अनपेड’ झाली, आणि हे मला दोन आठवड्यांनी, सहज खाते उघडले तेव्हा समजले. तेव्हापासून मी सर्वांना एकच सांगतो : ‘इन प्रोसेस’ म्हणजे पैसे जमा झाले असे नव्हे. ‘पेड’ हा शब्द दिसेपर्यंत दर दोन दिवसांनी खाते पाहत राहावे. त्याला काही दिवस लागतात, कधी आठवड्याहून अधिक.

दोन्ही शुल्के एकाच वेळी एकत्र भरता येत नाहीत. आधी एक, मग दुसरे, असे दोन वेगळे व्यवहार करावे लागतात. व्हिसा शुल्काची स्थिती ‘पेड’ झाली की डीएस-२६० हा व्हिसा अर्ज उघडतो. तो आई-वडिलांच्या नावाने भरायचा असून त्यात १६ व्या वर्षापासूनचे सर्व पत्ते विचारलेले असतात. शपथपत्राचे शुल्क ‘पेड’ झाले की आर्थिक कागदपत्रे अपलोड करण्याची सोय उपलब्ध होते. शुल्क भरले नाही तर ही दोन्ही दारे बंदच राहतात आणि प्रकरण जागचे हलत नाही.

आणि ते कायमचे बंदही होऊ शकते. एनव्हीसीने व्हिसासाठी अर्ज करण्याची सूचना दिल्यानंतर एका वर्षाच्या आत काहीच कार्यवाही केली नाही, तर प्रकरण रद्द करण्याची तरतूद अमेरिकन स्थलांतर कायद्यात आहे. आई-वडिलांना ‘अजून यायचे नाही, पुढच्या वर्षी बघू,’ असे वाटत असेल तरी सीईएसीमध्ये प्रवेश करून किंवा एनव्हीसीला लिहून संपर्क चालू ठेवावा. भावंडांच्या अर्जांत तर ही बाब अधिक नाजूक असते, कारण तिथे आय-१३० भरल्यापासून एनव्हीसीचे शुल्क मागितले जाईपर्यंत दोन दशके जाऊ शकतात. २०२५ च्या उत्तरार्धात भारतीय भावंडांच्या गटात व्हिसा मिळण्याची पाळी २००६ च्या अखेरीस केलेल्या अर्जांची होती. इतक्या वर्षांत पत्ते, ईमेल आणि फोन सगळे बदलतात, आणि शुल्क भरण्याची सूचना जुन्या ईमेलवर पडून राहते. ज्यांचे असे जुने अर्ज आहेत त्यांनी एनव्हीसीकडील संपर्काचा तपशील अद्ययावत ठेवणे हे कोणतेही शुल्क भरण्याइतकेच महत्त्वाचे आहे.

भारतात भरायचे पैसे

एनव्हीसीकडे अपलोड करायच्या कागदांमध्ये पोलीस क्लिअरन्स सर्टिफिकेट, म्हणजे पीसीसी, असते. हे स्थानिक पोलीस ठाण्याचे पत्र चालत नाही. ते पासपोर्ट कार्यालयाकडून घ्यावे लागते. महाराष्ट्रात मुंबई, पुणे आणि नागपूर येथील प्रादेशिक पासपोर्ट कार्यालयांच्या कक्षेत हे काम चालते. पासपोर्ट सेवा संकेतस्थळावर अर्ज करून ५०० रुपये शुल्क ऑनलाइन भरावे आणि जवळच्या पासपोर्ट सेवा केंद्राची वेळ घ्यावी. हे शुल्क आई-वडिलांना स्वतःच्या बँकेतून सहज भरता येते. पासपोर्ट सेवेसारख्या दिसणाऱ्या खासगी संकेतस्थळांवर हजार-दीड हजार रुपये उकळले जातात, म्हणून पत्त्याच्या शेवटी ‘गव्ह डॉट इन’ आहे याची खात्री करूनच पैसे भरावेत.

वैद्यकीय तपासणीचे पैसे शासकीय शुल्कात मोडत नाहीत. दूतावासाने मान्यता दिलेल्या रुग्णालयात ते रुपयांत द्यायचे असतात आणि वयानुसार आवश्यक लशींचा खर्च त्यात वाढतो. या तपासणीचा अप्रत्यक्ष संबंध मात्र पुढच्या शुल्काशी आहे. स्थलांतर व्हिसाची मुदत तपासणीच्या तारखेवर अवलंबून असते आणि साधारणपणे सहा महिन्यांच्या आतच असते, त्यामुळे शेवटचे शुल्क आणि विमानाचे तिकीट या मुदतीत बसवावे लागते.

मुंबईतील मुलाखतीच्या वेळी व्हिसासाठी वेगळे शुल्क द्यावे लागत नाही, कारण ३२५ डॉलर आधीच एनव्हीसीकडे जमा झालेले असतात. पर्यटक व्हिसासाठीचे १८५ डॉलरचे शुल्क या प्रक्रियेत लागू नाही. मुलाखतीपूर्वी पासपोर्ट परत मिळण्याच्या पत्त्याची नोंदणी करताना काही लोक सवयीने पर्यटक व्हिसाचा मार्ग निवडतात आणि ते शुल्क भरून बसतात. नोंदणी करताना स्थलांतर व्हिसा हाच पर्याय निवडला आहे ना, हे दोनदा पाहावे.

तिसरा टप्पा : कार्ड तयार होण्याचे २३५ डॉलर

व्हिसा पासपोर्टवर लागला की घरात पेढे वाटले जातात आणि एक शुल्क विसरले जाते. यूएससीआयएसचे ‘इमिग्रंट फी’ या नावाचे हे शुल्क १ एप्रिल २०२४ पासून २३५ डॉलर आहे आणि प्रत्यक्ष ग्रीन कार्ड बनवून पाठवण्याचा खर्च त्यात धरलेला असतो. ते आई आणि वडील दोघांचे स्वतंत्र भरावे लागते, मात्र एकाच व्यवहारात दोघांचे एकत्र भरण्याची सोय आहे. भरणा यूएससीआयएसच्या संकेतस्थळावर होतो. त्यासाठी दोन क्रमांक लागतात : ‘ए’ ने सुरू होणारा नऊ अंकी क्रमांक आणि परराष्ट्र खात्याचा प्रकरण क्रमांक, म्हणजे तोच ‘बीएमबी’ ने सुरू होणारा. दोन्ही क्रमांक व्हिसासोबत दिलेल्या कागदावर छापलेले असतात. आई-वडिलांनी त्या कागदाचा स्वच्छ फोटो मुलाला पाठवावा आणि मुलाने तो पाहून क्रमांक टाइप करावेत. फोनवर तोंडी सांगितलेल्या अंकांवर विसंबू नये.

हे शुल्क व्हिसा मिळाल्यानंतर आणि विमानात बसण्यापूर्वी भरणे उत्तम. एनव्हीसीप्रमाणे इथे अमेरिकन बँक खात्याचे बंधन नाही, कार्डानेही पैसे भरता येतात. शुल्क भरले नाही म्हणून विमानतळावर कोणी अडवत नाही. आई-वडिलांना प्रवेश मिळतो आणि पासपोर्टवरील व्हिसावर बसलेला प्रवेशाचा शिक्का वर्षभर कायम निवासाचा पुरावा म्हणून चालतो. पण पैसे जमा झाल्याशिवाय कार्ड छापले जात नाही. ‘आईला येऊन पाच महिने झाले, कार्ड अजून आले नाही,’ अशी चिंता घेऊन आलेल्या एका कुटुंबाला मी पहिलाच प्रश्न विचारला तो या शुल्काचा, आणि त्यांनी ते भरलेलेच नव्हते. कार्ड ज्या पत्त्यावर येणार आहे तो पत्ता मुलाखतीच्या वेळी आणि विमानतळावर नीट सांगावा. मुलाने मधल्या काळात घर बदलले असेल तर विमानतळावरील अधिकाऱ्याला नवा पत्ता सांगणे आवश्यक असते.

आई-वडील आधीच अमेरिकेत असतील तर

काही वेळा आई-वडील पर्यटक व्हिसावर आलेले असतात आणि इथेच राहून ग्रीन कार्डासाठी अर्ज करायचे ठरते. पर्यटक म्हणून येताना मनात कायम राहण्याचा हेतू असणे हा गंभीर कायदेशीर प्रश्न आहे आणि तो वकिलाशी बोलल्याशिवाय हाताळू नये. इथे मी केवळ शुल्काचा फरक सांगतो. या मार्गात आय-१३० सोबत आय-४८५ हा अर्ज कागदावर एकत्र पाठवला जातो. आय-१३० चे कागदी शुल्क ६७५ आणि आय-४८५ चे १,४४० डॉलर, म्हणजे एका व्यक्तीमागे २,११५ डॉलर. काम करण्याच्या परवान्यासाठी आणखी २६० आणि अर्ज प्रलंबित असताना भारतात जाऊन परत येण्याच्या परवानगीसाठी ६३० डॉलर लागतात. हे दोन्ही घेतल्यास एकूण आकडा ३,००५ वर जातो. एप्रिल २०२४ पूर्वी हे दोन परवाने आय-४८५ च्या शुल्कातच मिळत असत, म्हणून जुने अनुभव सांगणाऱ्यांचे आकडे आता जुळत नाहीत. आई-वडिलांना नोकरी करायची नसेल तर कामाच्या परवान्याचे २६० डॉलर वाचवता येतात. भारतात जाण्याची परवानगी मात्र मी घेण्याचा सल्ला देतो. या वयात गावाकडून अचानक निरोप येऊ शकतो, आणि परवानगीशिवाय देश सोडल्यास अर्ज सोडून दिला असे मानले जाते.

कागदी अर्जांच्या भरण्याची पद्धत अलीकडे पूर्णपणे बदलली आहे. २८ ऑक्टोबर २०२५ पासून यूएससीआयएस कागदी अर्जांसोबत चेक किंवा मनी ऑर्डर स्वीकारत नाही. अपवाद फक्त ज्यांना बँकसेवाच उपलब्ध नाहीत अशांसाठी आहे आणि त्यासाठी वेगळा अर्ज करावा लागतो. इतरांनी दोनांपैकी एक नमुना जोडायचा : कार्डाने भरायचे असेल तर जी-१४५०, अमेरिकन बँक खात्यातून थेट वळते करायचे असेल तर जी-१६५०. जुन्या मार्गदर्शनात ‘होमलँड सिक्युरिटी खात्याच्या नावे चेक काढा’ असे लिहिलेले अजूनही सापडते. ते आता पाळले तर पूर्ण पाकीट परत येईल.

जी-१४५० भरताना काही गोष्टी कटाक्षाने पाळाव्यात. कार्ड अमेरिकन बँकेने दिलेले असावे. प्रत्येक अर्जासाठी वेगळा जी-१४५० भरावा. आय-१३० आणि आय-४८५ ची रक्कम एका नमुन्यात एकत्र लिहू नये, कारण रक्कम चुकीची धरली गेल्यास दोन्ही अर्ज परत येण्याचा धोका असतो. नमुन्यावर कार्डधारकाची स्वाक्षरी असलीच पाहिजे. तो त्या त्या अर्जाच्या सर्वांत वर ठेवावा. आई आणि वडील दोघांचे अर्ज एकाच कार्डावर टाकल्यास रक्कम चार हजार डॉलरच्या पुढे जाते, त्यामुळे कार्डाची मर्यादा आधी तपासावी आणि बँकेला फोन करून मोठा शासकीय व्यवहार येणार असल्याचे सांगून ठेवावे. पाकीट पोहोचण्यास आणि रक्कम वळती होण्यास किती दिवस जातील हे आपल्या हातात नसते, म्हणून त्या काळात त्या कार्डावर दुसरी मोठी खरेदी टाळावी. कार्ड नाकारले गेले तर अर्ज परत येतो.

परत आलेला अर्ज आणि नामंजूर झालेला अर्ज यांत फरक आहे. रक्कम चुकली, स्वाक्षरी राहिली किंवा कार्ड चालले नाही तर अर्ज दाखलच होत नाही. तो शुल्कासह परत येतो आणि पुन्हा पाठवता येतो, पण मधले दिवस वाया जातात, आणि पर्यटक म्हणून राहण्याची मुदत संपत आलेली असेल तर ते दिवस फार मोलाचे असतात. अर्ज दाखल होऊन, तपासून नामंजूर झाला तर शुल्क परत मिळत नाही. मुलाने अर्ज मागे घेतला तरीही नाही. अशा वेळी रागाच्या भरात कार्ड कंपनीकडे तक्रार करून व्यवहार उलटवण्याचा प्रयत्न अजिबात करू नये. सरकार ती रक्कम थकबाकी मानते आणि वसुलीला लागते.

भरण्यापूर्वीची शेवटची तपासणी

वर दिलेले सर्व आकडे भरण्याच्या दिवशी पुन्हा पडताळावेत. यूएससीआयएसचे जी-१०५५ या क्रमांकाचे दरपत्रक संकेतस्थळावर मोफत उपलब्ध असते आणि अर्ज दाखल होताना लागू असलेला दर त्यातच पाहायचा असतो. एनव्हीसीची रक्कम सीईएसीच्या पडद्यावर दिसते. अमेरिकन सरकारचे संकेतस्थळ ‘डॉट गव्ह’ ने संपते. ‘डॉट कॉम’ किंवा ‘डॉट ऑर्ग’ ने संपणाऱ्या, झेंडा आणि गरुडाचे चित्र लावलेल्या ठिकाणी कार्डाचा क्रमांक देऊ नये. यूएससीआयएस कोणालाही फोन करून पैसे मागत नाही आणि गिफ्ट कार्डांच्या स्वरूपात किंवा एखाद्या व्यक्तीच्या खात्यावर शुल्क घेत नाही. हे भारतातील आई-वडिलांना विशेष करून सांगावे, कारण असे फोन त्यांनाही येतात आणि मुलाचे काम अडेल या भीतीने ते घाबरून जातात.

प्रत्येक भरण्याची पावती पीडीएफ स्वरूपात जतन करावी आणि त्याच दिवशी बँकेच्या किंवा कार्डाच्या खात्यातील नोंदीचा फोटोही ठेवावा. मी एका साध्या वहीत प्रत्येक शुल्काची तारीख, रक्कम, ज्या खात्यातून गेले त्याचे शेवटचे चार अंक आणि पावती क्रमांक अशा नोंदी ठेवल्या होत्या. एनव्हीसीने ‘शुल्क मिळाले नाही’ असे कळवले तेव्हा त्या वहीतील एका ओळीने आमचा महिना वाचवला.

कार्ड हाती आल्यानंतर

पत्ता बदलल्याची नोंद एआर-११ या नमुन्याने दहा दिवसांच्या आत करावी लागते. ती पूर्णपणे मोफत आहे, तरीही त्यासाठी शुल्क मागणारी खासगी संकेतस्थळे आहेत. सर्व अर्जांचे कोरे नमुने आणि प्रकरणाची स्थिती पाहणे हेही मोफतच असते. दहा वर्षांनी कार्डाचे नूतनीकरण करताना आय-९० साठी ऑनलाइन ४१५ आणि कागदावर ४६५ डॉलर लागतात. पाच वर्षांनंतर नागरिकत्वाचा अर्ज करायचा झाल्यास तो ऑनलाइन ७१० डॉलरचा आहे, आणि उत्पन्न कमी असलेल्या कुटुंबांना त्यात सवलत किंवा माफी मागता येते. आय-१३० ला अशी माफी नाही.

आपल्याकडील बहुतेक आई-वडिलांच्या बाबतीत जे शुल्क खरोखर उपयोगी पडते ते रीएंट्री परमिटचे, म्हणजे अमेरिकेत परत येण्याच्या परवान्याचे. शेती, घर, नातवंडे, आजारी नातेवाईक अशा कारणांनी त्यांना वर्षाहून अधिक काळ भारतात राहावे लागणार असेल, तर निघण्यापूर्वी आय-१३१ अर्ज करून हे परमिट घ्यावे. त्याचे शुल्क ६३० डॉलर आहे आणि ते कार्डाने किंवा बँक खात्यातून, वर सांगितलेल्या जी-१४५० वा जी-१६५० नमुन्याने भरता येते. अर्ज दाखल होताना आई-वडील प्रत्यक्ष अमेरिकेत असावे लागतात, आणि त्यानंतर बोटांच्या ठशांसाठी बोलावणे येते. म्हणून मुंबईचे तिकीट काढण्यापूर्वी किमान दोन-तीन महिने हे पैसे भरून, पावती हाती घेऊन, ठशांची तारीख निघेपर्यंत त्यांना थांबवून ठेवावे.